तुम्ही विचारलंत म्हणून : वीस वर्षांचं कर्ज की तीस वर्षांचं?

“काकू, तीस वर्षांचं घेतलं तर हप्ता कमी बसते ना? मग तेच घेऊ?”

नागपुरात बेसा-घोगलीकडे फ्लॅट बघून आलेली मुलं हे विचारतात. मिहानमध्ये नुकती नोकरी लागलेली भाची विचारते, बुटीबोरीच्या कारखान्यातून रात्री घरी परतणारा शेजारचा मुलगाही विचारतो. नोकरीची सगळी वर्षं मी बँकेच्या कर्ज विभागात काढली, त्यामुळे प्रश्न माझ्याकडेच येतो. दारात उभ्या उभ्या उत्तर देऊन भागत नाही, म्हणून एकदा सविस्तर लिहिते.

उत्तर आधी सांगते. पगार नियमित असेल आणि वीस वर्षांचा हप्ता घरखर्च सांभाळून झेपत असेल, तर तीस वर्षांचं घेऊ नका. जी मुदत घ्याल तिच्यावर शेवटपर्यंत लक्ष ठेवा. घर आपल्याला कितीला पडलं हे बिल्डरच्या भावापेक्षा मुदतीवर जास्त ठरतं, आणि नेमकं तिकडेच कोणी बघत नाही.

हिशेबासाठी ५० लाखांचा फ्लॅट धरू. ३० लाखांच्या वर आणि ७५ लाखांपर्यंतच्या कर्जात रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच रक्कम मिळते, म्हणजे ४० लाख. व्याजदर साडेआठ टक्के धरते. तुम्हाला याहून कमी मिळत असेल तर चांगलंच आहे, गणिताचा स्वभाव तोच राहतो.

वीस वर्षांसाठी हप्ता येतो ३४,७१३ रुपये. तीस वर्षांसाठी ३०,७५७. महिन्याला चार हजारांच्या आत फरक, आणि त्या चार हजारांवरच निर्णय होतो. आता एकूण व्याज बघा. वीस वर्षांत ४३ लाख ३१ हजार, तीस वर्षांत ७० लाख ७२ हजार. महिन्याचे चार हजार वाचवायला २७ लाखांहून जास्त मोजावे लागले. त्याच ४० लाखांना पंधरा वर्षांची मुदत घेतली, तर हप्ता ३९,३९० होतो आणि व्याज ३१ लाखांच्या आत येतं. वीसवरून पंधरावर यायला महिन्याला साधारण ४,७०० जास्त लागतात आणि साडेबारा लाखांच्या आसपास वाचतात.

हे असं का होतं, ते समजून घेतलं की पुढचं सगळं सोपं जातं. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात ४० लाखांवरचं व्याजच २८,३३३ रुपये होतं. ३४,७१३ च्या हप्त्यातून मुद्दलाला जेमतेम ६,३८० मिळतात. पाच वर्षं न चुकता हप्ते भरले, बँकेत २० लाख ८३ हजार गेले, तरी ३५ लाख २५ हजार बाकी असतात. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, २८ लाख बाकी. निम्मं मुद्दल फिटायला चौदा वर्षांच्या जवळपास लागतात. पाच वर्षांनी स्टेटमेंट बघून माणसं घाबरतात, बँकेने काहीतरी गडबड केली असं त्यांना वाटतं. त्या आकड्यात गडबड नसते. सुरुवातीच्या वर्षांत हप्ता व्याज आणि मुद्दलात असाच विभागला जातो, आणि म्हणूनच सुरुवातीच्या वर्षांत जास्तीचा भरलेला प्रत्येक रुपया फार मोठं काम करतो.

आता ज्या गोष्टीची मला सगळ्यात जास्त काळजी वाटते तिच्याकडे येते. वीस वर्षांचं कर्ज घेतलं म्हणजे ते वीस वर्षांत संपेलच, असं नाही.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे दर बदलत राहणारी, गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते त्याला), जोडलेली आहेत. करोनाच्या काळात रेपो ४ टक्के होता. मे २०२२ मध्ये तो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. आपल्याकडे कित्येक घरांत हे कळलंच नाही, कारण खात्यातून कटणारा हप्ता तेवढाच राहिला. बँकेने हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवली होती.

याचा आकडा काढून दाखवते. ४० लाख, पावणेसात टक्के, वीस वर्षं : हप्ता ३०,४१५. दोन वर्षांनी बाकी साधारण ३७ लाख ९७ हजार, उरलेली मुदत अठरा वर्षं. इथे दर अडीच टक्क्यांनी वाढून सव्वानऊ झाला असं धरा. आता महिन्याचं व्याजच २९,२७१ होतं. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला महिन्याला अकराशे-बाराशे रुपये उरतात. या गतीने कर्ज फिटायला गणिताने पस्तीस वर्षांहून जास्त लागतात. जिथे अठरा उरली होती, तिथे पस्तीस! बँक वयाच्या अटीमुळे इतकं लांबू देत नाही, मध्येच कधीतरी हप्ता वाढवतेच, पण तोपर्यंत गेलेली वर्षं व्याजातच जातात. मुदत अठराच ठेवायची असती तर हप्ता ३६,१५० च्या आसपास लागला असता. पावणेसहा हजारांची वाढ जड आहे, मान्य. पण ती सोसायची की वर्षं वाढवायची, हे घर ज्याचं त्याने ठरवायला हवं होतं. निवृत्तीच्या वयापलीकडे हप्ते गेलेले लोक मी पाहिले आहेत, आणि त्यांना ते कोणी बसून सांगितलेलं नव्हतं. याचा मला अजूनही राग येतो.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने यावर परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं आणि त्यात आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झालं, हप्ता किती, किती हप्ते उरले आणि दर किती, हे दाखवायचं. तो ‘उरलेले हप्ते’चा आकडा दर तिमाहीला बघा, भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. तीन महिन्यांत तो तीनने कमी व्हायला हवा. झाला नसेल तर दुसऱ्या दिवशी शाखेत जा आणि लेखी अर्ज द्या : मुदत मूळची ठेवा, हप्ता वाढवा.

दर उतरतात तेव्हाही लक्ष हवंच. २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. तो आवरा, हप्ता तोच चालू ठेवा, म्हणजे वर्षं कमी होतील. नव्या ग्राहकाला आपल्यापेक्षा कमी दर मिळतोय असं दिसलं तर शाखेत विचारा. बऱ्याच बँका थोडी फी घेऊन जुन्या ग्राहकाचाही दर खाली आणतात, मात्र विचारल्याशिवाय सहसा नाही.

कर्ज दुसऱ्या बँकेत हलवण्याचंही असंच आहे. साडेआठचं कर्ज पाच वर्षांनी आठ टक्क्यांवर नेलं, तर कोणालाही वाटेल फायदाच झाला. पण नवी बँक बऱ्याचदा पुन्हा वीस वर्षांची मुदत लावते. ३५ लाख २५ हजारांना हप्ता बसतो २९,४८५ आणि एकूण भरणा होतो ७० लाख ७६ हजार. जुन्याच बँकेत राहिलात तर उरलेल्या पंधरा वर्षांत ६२ लाख ४८ हजार भरायचे होते. दर उतरला आणि सव्वाआठ लाख जास्त गेले. पंधरा वर्षांचीच मुदत मागितली असती तर पावणेदोन लाखांच्या वर वाचले असते. त्यातून फी आणि कागदपत्रांचा खर्च वजा करा, तरी फायदाच.

आता पार्ट पेमेंट, म्हणजे हप्त्याशिवाय मध्येच जास्तीची रक्कम भरणं. फ्लोटिंग दराचं वैयक्तिक गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर बँक दंड घेऊ शकत नाही, २०१२ पासून तसा नियम आहे. तरी ‘चार्जेस लागतील’ या भीतीने लोक थांबतात. समजा वर्षभरानंतर २ लाख हाताशी आले. दिवाळीचा बोनस असेल, गावाकडच्या शेतीचा वाटा असेल. ते भरले की बँकेत विचारतील, हप्ता कमी करू की मुदत? हप्ता कमी केला तर तो साधारण १,७७० रुपयांनी उतरतो आणि पूर्ण मुदतीत निव्वळ बचत होते २ लाखांच्या आसपास. हप्ता तोच ठेवून मुदत कमी केली तर कर्ज सव्वीस महिने आधी संपतं आणि बचत होते ७ लाखांच्या वर. रक्कम तीच, दिवस तोच, फॉर्मवरची खूण तेवढी वेगळी. मोठी रक्कम जमत नसेल, तर वर्षाला एक हप्ता जास्तीचा भरा. वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांच्या आसपास संपतं आणि सव्वाआठ लाखांच्या घरात व्याज वाचतं.

“पण काकू, व्याजावर टॅक्स वाचते ना!” वाचतो, पण किती ते बघा. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट आहे. तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचेही त्यातून ६२,४०० रुपये वाचतात. पहिल्या वर्षी व्याज जातं ३ लाख ३७ हजार. नव्या करप्रणालीत राहत्या घराला ही वजावटच नाही, आणि तुमच्यापैकी बहुतेकांनी नवी प्रणाली घेतलेली आहे. कर वाचतो म्हणून कर्ज लांबवायचं, यात अर्थ नाही.

हप्त्याच्या बाहेरचे खर्च थोडक्यात सांगते. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी साधारणपणे स्वतःच्या खिशातून जाते. घर बाईच्या नावावर असेल तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, ती सोडू नका. ३० लाखांवरच्या घराला नोंदणी फी ३०,००० रुपये. बांधकाम सुरू असलेल्या फ्लॅटवर ५ टक्के जीएसटी, परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसला तर १ टक्का. फ्लॅट तयार व्हायचा असेल तर ताबा मिळेपर्यंत अनेकदा फक्त प्री-ईएमआय, म्हणजे बिल्डरला दिलेल्या रकमेवरचं नुसतं व्याज, कापतात. बिल्डरला २५ लाख दिले गेले असतील तर महिन्याला १७,७०८ रुपये निव्वळ व्याज. ताबा वर्षभर लांबला तर २ लाख १२ हजार जातात आणि मुद्दल एका रुपयाने उतरत नाही. शिवाय मनीषनगरच्या खोलीचं भाडं चालूच असतं. म्हणून प्री-ईएमआय नको, पूर्ण हप्ता सुरू करा, असं बँकेला सांगता येतं का ते आधी विचारा.

आणि कर्जाच्या गळ्यात बांधलेला विमा. १ लाखाचा एकरकमी प्रीमियम कर्जातच मिळवला जातो, तो वीस वर्षांत २ लाख ८ हजारांचा होतो. घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज फिटावं यासाठी विमा हवाच, पण स्वतंत्र टर्म इन्शुरन्स घ्या, प्रीमियम खिशातून भरा. ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ द्यायचं असतं. त्यात सगळी फी आणि शुल्कं धरून वार्षिक खर्चाचा दर असतो आणि हप्त्यांचं वेळापत्रक असतं. सही करण्याआधी ते घरी आणून, दोघांनी मिळून वाचा.

एक मुद्दा मुलं मांडतात आणि तो बरोबर आहे. वीस वर्षांनी ३४,७१३ रुपयांची किंमत काय उरणार? महागाई पाच टक्के धरली तर आजचे जेमतेम १३ हजार. म्हणजे हप्ता दरवर्षी हलका होत जातो, पगार मात्र वाढतो. मला यात कर्ज लांबवण्याचं कारण दिसत नाही, हप्ता वाढवण्याची सोय दिसते. उरलेले पैसे गुंतवू, असंही म्हणतात. शिस्तीने गुंतवणारे आहेत, त्यांना मी अडवत नाही. पण कर्जात भरलेल्या रुपयावर साडेआठ टक्के नक्की वाचतात आणि त्यावर कर लागत नाही. हे दोन्ही एकत्र मुदत ठेवीतही मिळत नाही.

मग तीस वर्षं कोणी घ्यावीत? ज्यांची नोकरी कंत्राटी आहे, ज्यांचा धंदा हंगामावर चालतो, ज्यांच्या घरी आई-वडिलांच्या दवाखान्याचा खर्च कधी उभा राहील सांगता येत नाही, त्यांनी खुशाल घ्यावीत. थकलेल्या हप्त्यापेक्षा छोटा हप्ता केव्हाही बरा. फक्त ती तीस वर्षं कागदावर राहू द्या. चांगल्या महिन्यांत वरचे चार हजार भरत गेलात आणि ते दर महिन्याला जमलं, तर तेच कर्ज वीस वर्षांत संपतं. आणि ३०,७५७ चा हप्ता दर एप्रिलला पाच टक्क्यांनी वाढवत नेलात, तर ते साडेचौदा वर्षांच्या आत संपतं. पहिल्या वर्षीची वाढ साधारण १,५४० रुपये आहे. पगारवाढीचं पत्र हातात पडलं की त्याच आठवड्यात शाखेत अर्ज द्या, ‘हप्ता वाढवा, मुदत कमी करा’ असं त्यात स्पष्ट लिहा, आणि पोच घेतल्याशिवाय निघू नका.