पाच मिनिटं पुढे

नवतप्यात दुपारी दोन ते पाच आमच्या नागपूरच्या शंकरनगरच्या गल्लीत कोणी फिरकत नाही. पारा ४५ च्या आसपास असतो, रस्ता तव्यासारखा तापलेला. ही वेळ मी सोल्डरिंगच्या बारीक कामांना ठेवतो. त्या दुपारीही एक ग्राफिक्स कार्ड खोलून बसलो होतो, तेवढ्यात दार ढकलून एक काकाजी आत आले. डोक्याला पांढरा दुपट्टा, हातात कापडी पिशवी, मागे पंधरा-सोळा वर्षांचा नातू. अजनी चौकातून मेट्रो, सीताबर्डीला बदलून शंकरनगर, असे आले होते. त्यांनी पिशवी टेबलावर ठेवली आणि कूलरसमोर बसले.

"भाऊ, हे पाहून द्या न जी. दहा दिवस झाले, घरात कोणी कोणाशी धड बोलून नाही राहिलं."

पिशवीत गेमचा कन्सोल होता. मी स्क्रू-ड्रायव्हर उचलला, तर पोरगा म्हणाला, "काका, खोलू नका. मशीन चांगली आहे. साइन-इनच होत नाही."

माझं दुकान दुरुस्तीचं. तुटलेला पोर्ट, जळलेला पॉवर सप्लाय, धूळ बसलेला पंखा ही माझी रोजची कामं. पण गेल्या काही वर्षांत अशी कामंही यायला लागली आहेत, ज्यात मशीनला काही झालेलं नसतं आणि तरी ती बंदच असते. दरमहा पैसे भरून गेम खेळायची सेवा घेतली की गेम तुमच्या घरात असतो, पण त्याचं दार कंपनीच्या सर्व्हरवर. तिथे ओळख पटली नाही तर आत जाता येत नाही. या पोराचं दोन वर्षांपासून विटा रचत आणलेलं एक अख्खं शहर त्या खात्यात जपलेलं होतं. ते गेलं की काय, हे विचारताना त्याचा आवाज बसला होता.

मी नेहमीच्या क्रमाने निघालो. आधी सेवा स्वतः चालू आहे का ते पाहिलं, चालू होती. मग कन्सोल बाजूला ठेवून दुकानाच्या कॉम्प्युटरवर ब्राउझरमधून साइन-इन करायला लावलं. हे मी सगळ्यांनाच सांगतो. कन्सोलवर एकेक अक्षर निवडत पासवर्ड टाकताना लहान-मोठ्या अक्षराची चूक सहज होते आणि टिंबांमागे दिसत नाही. तिथे चाललं तर दोष कन्सोलकडे, तिथेही अडलं तर दोष खात्याकडे. पासवर्ड एका झटक्यात मान्य झाला. पुढच्या पानावर सहा आकडी कोड मागितला. काकाजींनी फोन काढला, चष्मा लावला आणि एकेक आकडा स्पष्ट वाचला. कोड चुकीचा. पुन्हा नवा कोड, तोही चुकीचा. दुकानाचं वायफाय बंद करून माझ्या फोनच्या हॉटस्पॉटवर टाकून पाहिलं, तेच. एकाच नावाची दोन खाती तर नाहीत ना, म्हणून तपासलं. कारण ईमेलने एक खातं काढलेलं असतं, मग कधीतरी दुसऱ्या बटणाने दुसरं निघतं, आणि पैसे एकात, गेम दुसऱ्यात असा घोळ मी पुष्कळदा पाहिला आहे. इथे तसं नव्हतं. पाचव्या चुकीला पान म्हणालं, थोड्या वेळाने प्रयत्न करा.

आता थांबण्याशिवाय काही करता येत नव्हतं. मी शेजारून तीन ग्लास मठ्ठा मागवला. त्या अर्ध्या तासात जे कळलं, ते मी आधीच विचारायला हवं होतं.

पोराचे आईबाबा पुण्याला नोकरीला. पोरगा दहावीसाठी आजोबांकडे. खातं आईच्या ईमेलवर. दिवाळीत ते नागपूरला आले तेव्हा आईने कोड देणारं ॲप मुद्दाम आबाजींच्या, म्हणजे या काकाजींच्या, फोनवर बसवलं, म्हणजे त्यांना विचारल्याशिवाय खेळ सुरू होऊ नये. पण कन्सोल एकदा साइन-इन झालेला असल्यामुळे पुढचे काही महिने कोड कोणी मागितलाच नाही. परीक्षा जवळ आली तसा आईने पुण्यातून पासवर्ड बदलला आणि कन्सोल खात्याबाहेर पडला. परीक्षा झाली, सुट्टी लागली, मग तिने कबूल केल्याप्रमाणे नवा पासवर्ड दिला. आणि कोड चालेना.

"तिला द्यायचंच नाही," पोरगा खाली पाहत म्हणाला. "काहीतरी करून ठेवलं आहे तिने."

तिकडे आईला चुकीच्या प्रयत्नांचे ईमेल जात होते. काल तर कुठल्या तरी अनोळखी कॉम्प्युटरवरून प्रयत्न झाल्याचा ईमेल आला, आणि तिची खात्रीच झाली की याने मित्रांना पासवर्ड वाटला. फोनवर बरंच वाजलं. पोराने तेव्हापासून तिचा फोन उचलला नव्हता.

काकाजी सगळं ऐकत होते. मग विषय बदलावा म्हणून त्यांनी फोन पाहिला. "साडेतीन वाजून गेले. ऊन उतरायच्या आत काही निघत नाही बाप्पा."

माझ्यासमोर मॉनिटरच्या कोपऱ्यात ३:२६ होते.

मी उठून त्यांच्या हातातला फोन पाहिला. ३:३१. माझ्या फोनवर पाहिलं, ३:२६. "काकाजी, हे घड्याळ पुढे आहे."

"हाव न. मीच केलं. आमच्या घरची सगळीच घड्याळं पाच मिनिटं पुढे असतात. भिंतीवरचं, हिच्या स्वयंपाकघरातलं, सगळी. संक्रांतीला नवीन सेल टाकले तेव्हा फोनलाही लावून टाकलं."

वीस वर्षं हे काम करतोय, आणि वेळेचा प्रश्न मला कॉम्प्युटरच्या बाबतीत चटकन सुचतो. मदरबोर्डवरची गोल बॅटरी संपली की तारीख मागे जाते आणि ब्राउझर बहुतेक साइट उघडत नाही. फोनच्या बाबतीत मात्र घड्याळ बघायचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. फोनची वेळ आपोआप मिळते, असं मी धरून चाललो होतो.

तो कोड कुठून येतो, हे मी त्यांना सांगायला बसलो. ॲप बसवताना जो चौकोनी क्यूआर कोड स्कॅन करतो, त्यातून एक गुप्त किल्ली फोनमध्ये उतरते. तीच सर्व्हरकडेही असते. नंतर दोघांचा एकमेकांशी काही संपर्क नसतो, फोनला नेट नसलं तरी कोड येतो. कारण दोघेही आपापल्या जागी किल्ली आणि त्या क्षणाची वेळ घेऊन एकच गणित करतात. दर ३० सेकंदांनी नवा आकडा. ही रीत २०११ साली प्रमाण म्हणून छापली गेली आणि जगभर तीच चालते. अर्ध्या मिनिटाची चूक बहुतेक सर्व्हर सांभाळून घेतात, पाच मिनिटांची नाही.

मी हे जमेल तसं सांगत होतो, आणि काकाजींनी मला मधेच थांबवलं.

"म्हणजे गार्ड आणि ड्रायव्हर."

ते रेल्वेत गार्ड होते, ३४ वर्षं. २०२२ पासून त्या पदाला ट्रेन मॅनेजर म्हणतात, ते अजून गार्डच म्हणतात. गाडी सुटण्याआधीचा नियम त्यांनी मला सांगितला. गार्डाने आपलं घड्याळ स्टेशनच्या घड्याळाशी मिळवायचं, ती वेळ ड्रायव्हरला सांगायची आणि ड्रायव्हरने त्यावर आपलं लावायचं. त्यानंतर मधे गाडीचे सगळे डबे. एक पुढे, एक शेवटी, तरी दोघांची वेळ एक. "ड्यूटीच्या घड्याळात मी एक मिनिट इकडचं तिकडे होऊ दिलं नाही कधी," ते म्हणाले. "घरचं पुढे ठेवायचो ते लॉबीत वेळेवर साइन-ऑन करायला, म्हणजे ड्यूटीची हजेरी लावायला. फोन मी घरच्या घड्याळात धरला. तो ड्यूटीचा होता."

मी एवढी वर्षं गिऱ्हाइकांना हे समजावतोय. इतक्या सरळ शब्दांत मला ते कधी जमलं नव्हतं.

फोनची वेळ लगेच दुरुस्त करता आली असती. पण पोराच्या चेहऱ्यावर अजून संशय होता, आणि त्याला माझ्या शब्दावर विश्वास ठेवायला लावणं मला पुरेसं वाटलं नाही. मी म्हटलं, घड्याळाला हात लावू नका. पान पुन्हा सुरू झालं होतं. आबाजींच्या फोनवर ३:४५ लागल्याबरोबर जो कोड दिसला, तो मी पोराला कागदावर लिहायला लावला. खऱ्या घड्याळात तेव्हा ३:४० वाजत होते. "हा कोड आत्ता चालणार नाही. अजून सर्व्हरच्या घरी ती वेळच आली नाही. पाच मिनिटांनी टाक."

पाच मिनिटं आम्ही तिघे मॉनिटरकडे पाहत बसलो. कूलरच्या पाण्याचा आवाज तेवढा येत होता. फोनवर मधे कितीतरी कोड येऊन गेले, कागदावरचा तोच राहिला. मॉनिटरवर ३:४५ झाले. मी मनात दहा मोजले आणि मान हलवली. पोराने कागद बघून सहा आकडे टाकले.

खातं उघडलं.

तो ओरडला नाही. कागदाकडे बघत राहिला आणि म्हणाला, "मग आईने काही नव्हतं केलं."

इथे ही गोष्ट संपली असती. पण काकाजी गप्प झाले होते. मग त्यांनी विचारलं, "भाऊ, चुकीचा कोड कोणाला सांगितला तर काही होते का?"

आदल्या दिवशी त्यांनी नातवासाठी म्हणून मोबाइलवर त्या सेवेचा कस्टमर केअर नंबर शोधला होता. जो पहिला दिसला तो लावला. समोरचा माणूस हिंदीत अगदी अदबीने बोलला. खात्याचं नाव घेतलं, पासवर्ड घेतला, मग कोड मागितला. काकाजींनी तीन वेळा कोड वाचून दाखवला. तिन्ही चालले नाहीत, तसा तो चिडला आणि उद्या फोन करतो, एक ॲप टाकावं लागेल, असं म्हणाला.

माझ्या पोटात गोळा आला. खात्याच्या सुरक्षेच्या पानावर साइन-इनच्या प्रयत्नांची यादी असते. कालच्या संध्याकाळी तीन प्रयत्न, दुसऱ्याच शहरातून, तिन्ही फसलेले. आईला आलेला ईमेल हाच. पोराने मित्रांना काही वाटलं नव्हतं, आणि ज्या पाच मिनिटांनी घर दहा दिवस अबोल केलं, त्यांनीच चोराला बाहेर ठेवलं होतं. मी काकाजींना खोटा दिलासा दिला नाही. त्यातला एखादा कोड त्या माणसाने पाच मिनिटांनी पुन्हा टाकून पाहिला असता, तर आमच्यासारखंच त्याचंही दार उघडलं असतं. त्या खात्याला पोराच्या आईचं बँकेचं कार्ड जोडलेलं होतं.

मग मी भराभर कामाला लागलो. फोनची वेळ आपोआप घेण्यावर टाकली आणि नवा कोड लगेच चालतो, हे पाहून घेतलं. पासवर्ड बदलला, सगळ्या यंत्रांवरून खातं बाहेर काढलं. कोडचं ॲप काढून नव्या किल्लीने पुन्हा बसवलं. ॲप चाललं नाही तर वापरायचे बॅकअप कोड छापून काकाजींच्या हातात दिले. ते त्यांनी घडी करून खिशात ठेवले, म्हणाले, पेन्शनच्या कागदांच्या फाइलीत लावतो. फोनची स्क्रीन दुसऱ्याला दाखवणारं कुठलं ॲप त्या माणसाने टाकायला लावलेलं नव्हतं. बँकेचे मेसेज वाचून पाहिले, पैसे गेले नव्हते. गेले असते तर त्याच मिनिटाला १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावायचा, हे मी पोराकडून त्याच्या फोनमध्ये सेव्ह करून घेतलं. कंपनीशी बोलायचं असेल तर ॲपच्या आतून किंवा कन्सोलच्या मदतीच्या पानावरून, शोधून सापडलेल्या नंबरवर नाही, हेही दोघांना सांगितलं.

सव्वाचारला तो फोन आलाच. मी हात पुढे केला, पण काकाजींनी नको म्हणून खुणावलं. त्यांनी स्वतः उचलला, थोडं ऐकलं आणि म्हणाले, "मैं चौंतीस साल गाड़ी को हरी झंडी दिखाया हूं. आपको लाल है." मग ठेवला आणि नंबर ब्लॉक कसा करतात ते नातवाला विचारलं.

कन्सोल लावून पाहिला. शहर जागच्या जागी होतं. नदीवरचा एक पूल अर्धा बांधलेला, परीक्षेआधी सोडला तसाच. पोराने तो आजोबांना दाखवला, रेल्वेचा आहे म्हणाला. काकाजी वाकून बराच वेळ पाहत होते, खांब किती किती अंतरावर आहेत ते विचारत होते.

पैसे मी तपासणीचे तेवढेच घेतले. ते दोघे पायऱ्या उतरले तेव्हा ऊन जरा कललं होतं. पोराने कन्सोलची पिशवी खांद्याला अडकवली आणि दाराबाहेरच फोन कानाला लावला.

"आई," तो म्हणाला, "तू आधी ऐक न. रागावू नको, आधी ऐक."

काकाजी थोडे पुढे जाऊन त्याच्यासाठी थांबले. मनगटावरचं घड्याळ त्यांनी सोडून हातात घेतलं होतं, आणि माझ्या दुकानातल्या घड्याळाकडे काचेतून बघत ते मिळवत होते.