आधी साल बघा

व्हिक्टोरियन काळातली प्रेमकादंबरी हातात आली की आधी साल शोधावं. नायिका बंडखोर आहे हे मलपृष्ठ ओरडून सांगतंच. ते बंड तिला किती पौंडांना पडणार, हे मात्र साल सांगतं.

१८७० पूर्वीच्या इंग्लंडमध्ये लग्न लागलं की बाईची रोकड, दागिने, पुढची कमाईसुद्धा नवऱ्याची. बापाने विश्वस्त नेमून काही रक्कम तिच्या नावाने बांधून ठेवली असेल, तर तेवढी वाचायची. १८७० च्या कायद्याने कमाई तिची झाली; बाकीच्या मालमत्तेसाठी १८८३ उजाडावं लागलं. म्हणजे १८६५ मधली श्रीमंत वारसदारीण चांगल्या स्थळाला नाही म्हणते, तो नखरा नसतो, हिशेब असतो. म्हणूनच अशा कादंबरीत चुंबनापेक्षा लग्नाआधी वकिलासमोर, तिचा पैसा तिचाच राहील अशा कागदावर, नायक मुकाट सही करतो तो प्रसंग जास्त गोड लागतो. चांगल्या लेखिका तो गाळत नाहीत.

कच्च्या लेखिका बंड कॉर्सेटवर, म्हणजे कंबर आवळणाऱ्या घट्ट अंतर्वस्त्रावर, काढतात. नायकाने सुरीने मागच्या नाड्या कापल्या की वाचकाने शहारायचं! पण १८५० नंतरच्या कॉर्सेटला पुढे दुभंगणारी पोलादी पट्टी असे. मागच्या नाड्या जरा सैल केल्या की बाई पुढून स्वतःच तो काढू शके. वर परकरांचं ओझं त्याच्यावरच पेललेलं असे, ते वेगळंच. तीच गत लग्नाचे नियम सैल म्हणून मध्यरात्री स्कॉटलंडात पळून जाऊन पहाटे लग्न लावण्याची. १८५७ पासून दोघांपैकी एकाचा आधी २१ दिवस तिथे मुक्काम सक्तीचा होता. इतके दिवस खानावळीत काढायचे, तर प्रेमाची चांगलीच परीक्षा!

मराठी वाचकाला या हिशेबात एक ओळखीचं नाव दिसतं. नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंग, असं मुंबई हायकोर्टाने रखमाबाईंना १८८७ मध्ये सुनावलं. बायकोने नांदायला यावं म्हणून नवऱ्याने लावायचा असा दावा मुळात इंग्लंडच्या चर्च न्यायालयांतून आलेला, आणि तिकडे त्यासाठी तुरुंगात टाकणं १८८४ मध्येच बंद झालेलं. रखमाबाईंनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली. पुढच्या वर्षी २,००० रुपयांवर तडजोड झाली, आणि त्या लंडनला डॉक्टरकी शिकायला गेल्या. तेव्हा १८९० च्या सुमाराचं लंडन रंगवताना कुणी महिला मेडिकल स्कूलच्या जिन्यावर मुंबईची एक विद्यार्थिनी उभी केली, तर साल अगदी बरोबर आहे.