सलूनमधला केसवाला

स्पेनचा फुटबॉलवाला कार्लेस पुयोल, त्याला आमच्या गावात पुयोल कोणी म्हणत नाही. 'केसवाला' म्हणतात. "तो केसवाला दाखव ना बे मोबाइलवर," असं पोट्टे म्हणाले की काय लावायचं ते मला समजतं. हे नाव पडलं तेही सलूनमध्येच, त्यामुळे तक्रारीला जागा नाही.

गोष्ट २०१० च्या जुलैची. पऱ्हाटी दोन-चार पानांवर आलेली, दिवसभर डवरणीची कामं, आणि तिकडे दक्षिण आफ्रिकेत फुटबॉलचा वर्ल्ड कप चालू. यवतमाळ जिल्ह्यातलं आमचं गाव कबड्डीचं. फुटबॉल म्हणजे काय हे शाळेच्या खोलीत एक हवा गेलेला चेंडू होता तेवढंच माहीत. पण त्या वर्षी पेपरात रोज एका ऑक्टोपसची बातमी यायची. जर्मनीतल्या ओबरहाउझनच्या मत्स्यालयातला पॉल. दोन डब्यांपैकी ज्या डब्यातलं खाईल तो संघ जिंकतो म्हणे. जर्मनी-स्पेन सेमीफायनलला या पॉलनं स्वतःच्याच देशाला सोडून स्पेनचा डबा उघडला. आमचे सलूनवाले काका पोपटवाल्या ज्योतिषावरही भरवसा ठेवणारे, त्यांनी लगेच पैज लावली. हरणाऱ्यानं सगळ्यांना आलुबोंडे खाऊ घालायचे. तर अर्धं गाव जमलं ते सामना पाहायला नाही, ऑक्टोपस खोटा पडतो का ते पाहायला.

सामना ७ जुलैचा, पण आपल्याकडे रात्री बाराला सुरू. लाईनचा तेव्हा काही भरवसा नव्हता. इन्व्हर्टर आणि डिश दोन्ही असलेलं ठिकाण एकच, सलून. खुर्च्या दोन, बाक एक, माणसं पंचवीस. मी आरशाखालच्या फळीला टेकून उभा, पाठीला वस्तऱ्याचा डबा टोचत होता.

स्पेनचे खेळाडू दिसले तसे काका पाच नंबरवाल्यावर अडकले. खांद्यापर्यंत वाढलेले, पाण्यानं चिपकलेले कुरळे केस. "याले एक डाव माह्या खुर्चीत बसवा. अर्ध्या घंट्यात माणूस करून देतो." तेव्हापासून केसवाला.

मी मात्र त्याचे केस नाही, पाय पाहत होतो. मी आमच्या मंडळाचा लेफ्ट कॉर्नर. कॉर्नरला शिकवतात की रेडरच्या तोंडाकडे पाहायचं नाही, तो तोंडानं फसवतो. कंबर पाहा, पाय पाहा. हा माणूस तसंच करत होता. चेंडू दुसऱ्या टोकाला असला तरी याची मान एकसारखी मागे-पुढे, हात दाखवून दुसऱ्याला जागेवर आण, ओरड, दोन पावलं सरक. काम काहीच दिसत नाही, पण समोरच्याला जागाही मिळत नाही. फुटबॉलमध्येही कॉर्नर-कव्हर असतात हे मला त्या रात्री समजलं.

दुसऱ्या हाफमध्ये पाऊस आला आणि डिशचा सिग्नल गेला. निळा पडदा. काका छत्री घेऊन वर चढले, कोणी खालून ओरडतंय, "आलं, आलं, गेलं." चित्र परत आलं तेव्हा स्पेनचे सगळे एकमेकांच्या अंगावर पडलेले आणि पडद्यावर १–०. "कोणं मारला?" "केसवाल्यानं!" ७३ वं मिनिट. झावीनं मैदानाच्या कोपऱ्यातून चेंडू मारला आणि हा मागून धावत येऊन, आपल्याच संघातल्या पिके नावाच्या गड्याच्या पुढून उडी घेऊन डोक्यानं गोलात. उंची म्हणाल तर एक मीटर अठ्ठ्याहत्तर, जर्मन बचाववाल्यांपुढे काहीच नाही. तो गोल मी पुढे शंभर वेळा पाहिला असेल, पण जेव्हा झाला तेव्हा मी निळा पडदा पाहत होतो. स्पेन पहिल्यांदाच फायनलला गेलं आणि चार दिवसांनी इनिएस्ताच्या ११६ व्या मिनिटाच्या गोलावर नेदरलँड्सला हरवून कपही घेऊन गेलं. आलुबोंडे मात्र आजपर्यंत आले नाहीत.

त्यानंतर पाच-सहा वर्षं मी या माणसाचा विचारही केला नाही, हे खरं सांगतो. मग फोरजी आलं, नेट स्वस्त झालं. मी तोपर्यंत जेसीबीवर लागलो होतो. नाला खोलीकरण, शेततळी, पांदण रस्ते. या धंद्यात बसून राहणंच जास्त. डिझेलची वाट, टिप्परची वाट, पैशाची तर कायमचीच वाट. केबिनमध्ये बसून मी केसवाल्याचा जुना-जुना सामना काढायचो.

आणि वाटलं, हा तर आपल्याकडलाच गडी आहे. गाव ला पोब्ला दे सेगुर, कॅटलोनियात पिरेनीज डोंगराच्या पायथ्याशी, वस्ती जेमतेम तीन हजार. जन्म १९७८ चा. लहानपणी गोलकीपर होता, खांदा त्रास देऊ लागला म्हणून पुढे खेळू लागला. घरच्यांचं म्हणणं, खेळानं पोट भरत नाही, शीक. हे वाक्य कॅटलान भाषेत कसं म्हणतात माहीत नाही, पण आमच्या घरी ते बाबा दर गुरुवारी, बाजाराच्या दिवशी म्हणायचे.

सतराव्या वर्षी, १९९५ मध्ये, तो बार्सिलोनाच्या ला मासिया अकादमीत गेला. म्हणजे उशिराच. १९९८ मध्ये क्लबनं त्याला मालागाला विकायचं जवळजवळ ठरवलंही होतं, हा गेला नाही. २ ऑक्टोबर १९९९ ला वाय्यादोलिदविरुद्ध कोच वान गालनं त्याला पहिल्यांदा मोठ्या संघात उतरवलं. पुढच्या वर्षी फिगो बार्सिलोना सोडून रियाल माद्रिदला गेला आणि ऑक्टोबरात माद्रिदच्या कपड्यात कॅम्प नोवर, म्हणजे बार्सिलोनाच्या मैदानावर आला. लाखभर लोक त्याच्या नावानं बोंबलत होते. फिगोला धरून ठेवायचं काम कोणाला? या बावीस वर्षांच्या पोराला. नव्वद मिनिटं त्याला चिकटून राहिला, बार्सिलोना २–० नं जिंकली. आमच्याकडे अशा वेळी कॉर्नरच्या कानात एवढंच सांगतात, "याचा घोटा तुझा." बाकी सहा जण काय करतील ते करतील, तू तो घोटा सोडायचा नाही.

एक तुकडा मी पोट्ट्यांना हमखास दाखवतो. २००२, लोकोमोटिव्ह मॉस्कोविरुद्ध. गोलकीपर बाहेर गेलेला, गोल रिकामा, समोरच्यानं मारला. पुयोल रेषेजवळ उभा. हात लावता येत नाही, पाय पोचत नाही. तो छाती पुढे करतो आणि चेंडू नेमका शर्टावरच्या क्लबच्या बिल्ल्यावर आदळून बाहेर जातो. पडत नाही, रडत नाही, लगेच पुढच्या चेंडूमागे. "दुखलं नसंन का याले?" एका पोट्ट्यानं विचारलं होतं. दुखलं असेल ना बाप्पा.

२००४ मध्ये लुइस एनरिकेनंतर कप्तान झाला तो शेवटपर्यंत. सहा लीग, तीन चॅम्पियन्स लीग म्हणजे युरोपातल्या क्लबांचा कप, एकूण ५९३ सामने, सगळे एकाच क्लबसाठी. स्पेनसाठी १०० सामने आणि गोल फक्त तीन. त्यातला एक आमच्या डिशनं खाल्ला.

त्याच्या वडिलांचं मात्र मला वाचून ठेवावंसं वाटलं नव्हतं. नोव्हेंबर २००६. ते एक्सकॅव्हेटरवर काम करत होते आणि अपघातात गेले. पोरगा तेव्हा बार्सिलोनाचा कप्तान, त्याच वर्षी पॅरिसमध्ये आर्सेनलला हरवून युरोपचा कप उचललेला, आणि बाप मशीनवर. हे मी वाचलं तेव्हा नाल्याच्या काठावर मशीन उतारावर लावलेली होती. मागचे जॅक मी घाईत एकाच बाजूनं नीट टेकवले होते, दुसरा भुसभुशीत मातीवर. हे रोजचंच, सगळेच करतात. मोबाइल ठेवला, बकेट खाली टेकवली, इंजिन बंद केलं, उतरून दगड शोधून आणले आणि जॅकखाली लावले. मालक विचारत होता, काय झालं. "काही नाही, पाणी पिऊन राह्यलो." त्या अपघाताचा पुढचा तपशील मी शोधलाच नाही.

आता जे सांगायचं म्हणून हे लिहायला बसलो ते.

२०१३ च्या जानेवारीत शेजारच्या गावात खुले सामने होते. रात्रीचे, हॅलोजन लावून, ताडपत्रीवर पेंढ्या टाकून बसलेले लोक, चहाच्या गंजाखाली फुंकर घालणारा एक म्हातारा. आम्ही फायनलला पोचलो ते आमच्या राइट कव्हरमुळे. त्याचं नाव लिहीत नाही, त्याला आवडणार नाही. सेमीफायनलमध्ये त्याच्या उजव्या हाताचं मधलं बोट निखळलं. त्यानं ते स्वतःच ओढून बसवलं, रुमालानं बाजूच्या बोटाला बांधलं आणि फायनल पूर्ण खेळला. शेवटची चढाई, आम्ही एक गुण पुढे, त्यांचा रेडर माझ्या हातून घोटा सोडवून निघाला. निघालाच होता. कव्हरनं त्या बांधलेल्या हातानं त्याची कंबर धरली आणि मध्यरेषेच्या वीतभर अलीकडे दोघं पडले.

मी कप्तान. नाव पुकारलं, स्टेजवर चढलो, शिल्ड घेतली, डोक्यावर धरली. पेपरातही फोटो आला. त्या फोटोत मी दात काढून उभा आहे आणि माझ्या काखेखालून मागे कोणाचा तरी कोपर दिसतो. तो कव्हरचा. तो खाली वाकून रुमाल सोडत होता. तेव्हा मला त्यात काहीच वावगं वाटलं नाही. त्यानंही कधी काही म्हटलं नाही. पुढच्या वर्षी तो चाकणला कंपनीत लागला आणि कबड्डी सुटली.

मग कधीतरी केबिनमध्ये वेम्बलीचा तुकडा समोर आला. लंडनचं मैदान, २८ मे २०११, चॅम्पियन्स लीगची फायनल, बार्सिलोनानं मँचेस्टर युनायटेडला ३–१ नं हरवलं. अबिदाल हा त्यांचा लेफ्ट बॅक, मार्चमध्ये यकृतातल्या गाठीचं ऑपरेशन झालेला. कप घ्यायची वेळ आली तेव्हा पुयोलनं दंडावरचा कप्तानाचा पट्टा काढला आणि अबिदालच्या दंडावर चढवला. कप अबिदालनं उचलला. पुयोल शेजारी उभा राहून टाळ्या वाजवतोय.

असाच दुसरा एक. २०१२, रायो वायेकानोवर ७–० चा सामना. गोल झाल्यावर थियागो आणि दानी आल्वेस कोपऱ्यात नाचायला लागले, तर हा धावत आला आणि दोघांना हातानं बाजूला केलं. हरणाऱ्यासमोर नाचायचं नाही. पण हाच माणूस २००९ मध्ये माद्रिदच्या मैदानावर २–६ च्या सामन्यात गोल मारून दंडावरचा पट्टा काढून त्याचे मुके घेत सुटला होता, तेही हजारो माद्रिदवाल्यांसमोर. म्हणजे अगदीच संत नाही. बरं वाटलं मला ते पाहून.

पण वेम्बलीचा तुकडा पाहिला की मला तो कोपर दिसायचा. शिल्ड आमच्या घरी कपाटावर होती, आईनं तिच्यावर प्लास्टिक गुंडाळून ठेवलेली.

यंदा कव्हर पोळ्याला गावी आला. मी शिल्ड पुसून, पिशवीत घालून त्याच्या घरी गेलो. ओसरीवर बसलो. आधी मोबाइलवर वेम्बली दाखवलं, मग शिल्ड काढायची असं ठरवून गेलो होतो. त्यानं पूर्ण पाहिलं.

"हा कोण, पट्टा देणारा?"

"केसवाला. सलूनमधला."

"आन् हा काळा?"

सांगितलं. ऑपरेशन, दोन-सव्वादोन महिने, सगळं.

"खेळला का तो फायनल?"

"पूर्ण नव्वद मिनिटं."

"आन् केसवाला?"

मला जरा थांबावं लागलं. तो दुखापतीतून उठलेला होता, बाकावर होता. ८८ व्या मिनिटाला आल्वेसच्या जागी आला.

"म्हंजे दोन मिनटं खेळला." त्यानं मोबाइल परत दिला. "मंग बरोबर आहे ना बे. जो खेळला त्यानं उचलला. यात रडाले काय झालं तुले?"

मी पिशवीतून शिल्ड काढली. त्यानं उलटीपालटी करून पाहिली, मंडळाच्या नावातला 'र्‍हस्व-दीर्घ' चुकलाय म्हणाला. त्याचं मधलं बोट अजून सरळ होत नाही, शिल्डच्या कडेवर ते वेगळंच उभं राहत होतं.

"ठेव तुह्याच घरी," तो म्हणाला. "चाकणच्या खोलीत आम्ही चौघं राह्यतो, खुंटीले बी नंबर लागते." मग आत वळून ओरडला, "माय, दोन चहा. अन् एकात साखर कमी, याले आता पोट सुटलं."