बाबांसाठी केलेला, बटर नसलेला फ्रूट केक

पहिला केक बाबांनी दोन दिवसांत संपवला, दुधात बुडवून बुडवून. एकदाही म्हणाले नाहीत की चिवट झालाय म्हणून. पण मीही एक तुकडा खाल्ला होता आणि मला कळत होतं की हे काय बाबांचं केक खाणं नाहीये, हे माझं मन राखणं आहे. बाबांना फ्रूट केक किती आवडतो हे घरात सगळ्यांना माहितीये, चहा झाला की डबा उघडून एक पातळ तुकडा, वर्षानुवर्षं. आणि दोन महिन्यांपूर्वी त्यांच्या हृदयाच्या रक्तवाहिनीत स्टेंट बसला, डॉक्टरांनी सॅच्युरेटेड फॅट (बटरमध्ये भरपूर असतं ते) कमी करा असं सांगितलं, त्या दिवसापासून तो डबा रिकामाच होता.

तर मी काय केलं होतं, सगळंच काढून टाकलं होतं. बटर शून्य, साखर शून्य, अंड्यातलं पिवळं बाहेर, मैदा बाहेर, फॅटच्या जागी सगळा सफरचंदाचा गर. झालं काय, तर केक बसला, आतून ओला आणि रबरासारखा, वरून पांढुरका. मग मी शांतपणे बसून एकेक जिन्नस केकमध्ये नेमकं काय काम करतो ते वाचलं आणि त्यातून पुढचे चार केक केले, चौथा जमला. तोच आज लिहितेय, पण नुसती कृती नाही देणार, कारण का ते कळलं तर तुम्ही तुमच्या घरच्या माणसाच्या पथ्याप्रमाणे बदलू शकाल.

आधी बटरचं बघू, कारण हृदयाच्या दृष्टीने मुख्य मुद्दा तोच आहे. बटरमध्ये साधारण ८० टक्के फॅट असतं आणि १०० ग्रॅम बटरमध्ये जवळपास ५० ग्रॅम नुसतं सॅच्युरेटेड फॅट. हेच फॅट रक्तातलं एलडीएल, म्हणजे वाईट कोलेस्टेरॉल, वाढवतं. माझ्या जुन्या कृतीत एका लोफला १२५ ग्रॅम बटर होतं, म्हणजे ६० ग्रॅमच्या वर सॅच्युरेटेड फॅट, त्याचे १२ तुकडे केले तर एका तुकड्यात ५ ग्रॅम. आता कोलेस्टेरॉल कमी करायचंय त्यांच्यासाठी अमेरिकन हार्ट असोसिएशन म्हणतं की दिवसाच्या कॅलरीजपैकी ६ टक्क्यांपेक्षा कमी सॅच्युरेटेड फॅटमधून याव्यात, २००० कॅलरीज धरल्या तर ते होतात १३ ग्रॅमच्या आसपास. एक पातळ तुकडा आणि दिवसाच्या हिशोबातला तिसरा हिस्सा संपला! हे गणित कागदावर मांडल्यावर मला पहिल्यांदा नीट दिसलं की कुठे हात घालायचाय.

आता तेच बटर काढून ६० मिली सूर्यफूल तेल घातलं तर? त्यात सॅच्युरेटेड साधारण ११ टक्के, म्हणजे अख्ख्या केकमध्ये तेलातून आलेलं ६ ग्रॅम, तुकड्याला अर्धा ग्रॅम. अंडी आणि अक्रोड-बदाम यांचं धरून सगळं मिळून तुकड्याला एक ग्रॅमच्या थोडं वर जातं. म्हणजे फॅट आहे, केक मऊ आहे, पण फॅटचा प्रकार बदलला. कॅनोला तेल असेल तर अजून कमी, सात टक्क्यांच्या आसपास. ऑलिव्ह ऑईल पण चालतं, संत्र्याबरोबर त्याचा वास छान लागतो, फक्त उग्र वासाचं घेऊ नका. खोबरेल तेल मात्र नको, बऱ्याच ठिकाणी हेल्दी केक म्हणून तेच घातलेलं दिसतं आणि मला खरंच काळजी वाटते, कारण त्यात ८० टक्क्यांच्या वर सॅच्युरेटेड फॅट आहे, बटरपेक्षाही जास्त. आणि मार्जरिन वापरणार असाल तर घटकांची यादी वाचा, अंशतः हायड्रोजनेटेड तेल असं लिहिलेलं असेल तर ते सरळ परत ठेवा. त्यात ट्रान्स फॅट असतं, ते एलडीएल वाढवतं आणि वर चांगलं कोलेस्टेरॉल, एचडीएल, कमी करतं.

पण तेलाची एक अडचण आहे. बटर आणि साखर फेटतो ना आपण, तेव्हा साखरेचे कण बटरमध्ये हवेचे बारीक बुडबुडे भरत असतात, तेच ओव्हनमध्ये फुगतात. तेल पातळ, त्यात हवा थांबतच नाही. म्हणून हवा अंड्यातून आणायची, अंडी आणि साखर चांगली पाच मिनिटं फेटायची, फिकट आणि दाटसर होईपर्यंत. इथे कंटाळा केला तर केक जड होणार हे नक्की. फायदा असा की तेल थंड झाल्यावर बटरसारखं घट्ट होत नाही, त्यामुळे तेलाचा केक दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीही ओलसर लागतो.

पिवळ्या बलकाबद्दल मला जास्त भीती होती. एका बलकात साधारण १८५ मिलिग्रॅम कोलेस्टेरॉल असतं म्हणून मी पहिल्या केकमधून ते काढून टाकलं होतं. आमच्या आहारतज्ज्ञ बाईंनी समजावलं की बहुतेक लोकांच्या बाबतीत खाण्यातल्या कोलेस्टेरॉलपेक्षा सॅच्युरेटेड फॅटचा परिणाम एलडीएलवर जास्त होतो, आणि दोन अंडी १२ तुकड्यांत म्हणजे एका तुकड्यात अंड्याचा सहावा भाग. शिवाय बलकात लेसिथिन असतं, तेच तेल आणि रस यांना एकत्र धरून ठेवतं, बलक नसेल तर तेल वेगळं सुटतं. तुमच्याकडे डॉक्टरांनी बलक बंदच सांगितला असेल तर एक अख्खं अंडं आणि दोन पांढरे घ्या, पोत थोडा कोरडा होतो पण जमतं.

साखर. इथे मला थोडं थांबायचंय, कारण फ्रूट केकचं सौंदर्यच हे आहे की फळं आधीच गोड आहेत. मनुका, खजूर यांच्यात वजनाच्या साठ टक्क्यांच्या वर साखरच असते. २०० ग्रॅम फळं घातली की १२० ग्रॅमच्या आसपास साखर तिथूनच आली, मग वरून १५० ग्रॅम कशाला? पण शून्य पण नको, कारण साखर नुसती गोडीसाठी नसते, ती पाणी धरून ठेवते, केक मऊ ठेवते, वर तपकिरी रंग आणते. माझा पहिला केक पांढुरका होता तो याचमुळे. मी ५० ग्रॅमवर आलेय आणि त्याखाली गेलं की पोत बिघडतो असा माझा अनुभव. मध घातला म्हणजे हेल्दी असं नाही हं, जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशोबात मध, सिरप आणि फळांचा रससुद्धा मुक्त साखरेतच (जी कमी खा म्हणतात ती) मोजतात, सुकं फळ मात्र त्यात धरत नाहीत. म्हणून फळं भिजवायला मी निम्माच संत्र्याचा रस घेते आणि निम्मा कोरा कडक चहा. चहाने रंगही येतो आणि एक हलकी तुरट चव येते, ती मला फार आवडते. पाकातली लाल-हिरवी चेरी, पाकातली सालं हे सगळं बंद, त्याऐवजी ताज्या संत्र्याची साल किसून, फक्त वरचा केशरी भाग, खालचा पांढरा कडू असतो.

आणि एक महत्त्वाचं. ज्यांना डायबेटिस आहे त्यांनी याला शुगर फ्री समजू नये, तुकड्याला १५ ग्रॅमच्या आसपास साखर आहेच, आपल्या डॉक्टरांना विचारूनच खा.

घटक सांगते, साधारण ८ बाय ४ इंचाच्या लोफ टिनसाठी. बारीक दळलेली कणीक १५० ग्रॅम, ओट्स ५० ग्रॅम मिक्सरमधून पूड करून, काळ्या मनुका ८०, खजूर ७० आणि जर्दाळू ५० ग्रॅम बारीक चिरून, रस ७५ मिली आणि चहा ७५ मिली, अक्रोड ४० आणि बदाम २० ग्रॅम, एक मोठं सफरचंद, ६० मिली तेल, ५० ग्रॅम ब्राऊन शुगर, २ अंडी, दीड चमचा बेकिंग पावडर, दालचिनी एक चमचा, जायफळ आणि लवंग चिमूट चिमूट. मीठ नाही घालत, बेकिंग पावडरमध्येच सोडियम असतं, आणि दालचिनी-संत्र्याच्या वासात मिठाची आठवण येत नाही.

फळं आदल्या रात्री गरम चहा आणि रसात भिजवायची. ही पायरी वगळू नका प्लीज, कोरडी फळं बॅटरमधलंच पाणी ओढून घेतात आणि मग केक कोरडा झाला म्हणून आपण तेल वाढवत बसतो. सफरचंद सोलून दोन चमचे पाण्यात शिजवून कुस्करायचं, साधारण १०० ग्रॅम गर हवा, आणि गार झाला की त्यातच ओट्सची पूड कालवून ठेवायची म्हणजे ती आधीच फुगते. अक्रोड-बदाम १५० डिग्रीवर आठ-दहा मिनिटं भाजून घेते, भाजल्यावर वास इतका खुलतो की थोडेच घातले तरी प्रत्येक घासात लागतात. अक्रोडात वनस्पतीतलं ओमेगा ३ असतं म्हणून तो मी कधी कमी करत नाही, पण तो लवकर खवट होतो, फ्रिजमध्ये ठेवा आणि घालण्याआधी एक चावून बघा.

मग ओव्हन १६० डिग्रीला लावायचा. अंडी-साखर फेटून झाली की तेल बारीक धारेने सोडत फेटायचं, मग ओट्सवाला सफरचंदाचा गर आणि संत्र्याची साल. कणीक, बेकिंग पावडर, मसाले एकत्र चाळायचे, चाळणीत कोंडा राहिला तर तो परत वरून घालायचा, टाकायचा नाही, फायबर त्यातच आहे. हलक्या हाताने मिसळायचं, शेवटी फळं उरलेल्या पाण्यासकट आणि अक्रोड-बदाम. बॅटर दाटसर असलं पाहिजे, चमच्यावरून धपकन पडेल असं. फळं तळाला बसतात ती बॅटर पातळ झाल्यामुळे, त्यांना कितीही पीठ चोळलं तरी पातळ बॅटरमध्ये ती खालीच जातात. ५५ ते ६० मिनिटं लागतात, ४० मिनिटांनंतर वरून जास्त लाल दिसला तर फॉईल झाकायची. सुरी टोचून कोरडी आली की झाला. टिनमध्ये १५ मिनिटं, मग जाळीवर, आणि कितीही मोह झाला तरी दुसऱ्या दिवशीच कापायचा, रात्रभरात ओलावा सगळीकडे सारखा होतो आणि तुकडे चुरा न होता निघतात.

फळं ब्रँडीत का नाही भिजवत असं एका मैत्रिणीने विचारलं. तासभर भाजल्यावर अल्कोहोल सगळं उडून जातं असं वाटतं पण तसं नाहीये, अंदाजे पाव भाग उरतो. बाबांच्या गोळ्या चालू आहेत, मला धोका नकोय. तसंच साल किसताना ग्रेपफ्रूट टाळा, कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांबरोबर, सिमव्हास्टॅटिन किंवा अटॉर्व्हास्टॅटिनसारख्या, ग्रेपफ्रूटमुळे औषधाचं रक्तातलं प्रमाण वाढू शकतं. साधं गोड संत्रं बरं.

टिकायचं म्हणाल तर जुन्या केकसारखा हा महिनाभर राहत नाही, साखर कमी म्हणजे बुरशी लवकर. बाहेर दोन दिवस, फ्रिजमध्ये आठवडाभर, नाहीतर तुकडे करून वेगवेगळे गुंडाळून फ्रीझरमध्ये. हे गुंडाळायचं काम तर फार उपयोगी पडलं, कारण एका वेळी एकच तुकडा बाहेर येतो.

कुणी विचारेल की मग बाबांचं कोलेस्टेरॉल उतरलं का. उतरलंय, पण ते गोळ्यांनी आणि रोजच्या चालण्याने, केकचं श्रेय नाही. ओट्समधलं बीटा ग्लुकन नावाचं फायबर एलडीएल कमी करायला मदत करतं पण त्यासाठी रोज ३ ग्रॅम पोटात जावं लागतं, एका तुकड्यात तर जेमतेम ४ ग्रॅम ओट्सच आहेत. मला एवढंच हवं होतं की त्यांना चहाबरोबरचा तुकडा परत मिळावा आणि देताना माझा हात अडखळू नये.

चौथा केक त्यांनी दुधात बुडवला नाही. चहा बाजूला ठेवून आधी नुसताच खाल्ला, मग म्हणाले, यात जायफळ आहे का गं? आता केक झाला की कापायचं काम ते स्वतःच करतात, बरोब्बर बारा तुकडे, बटर पेपरमध्ये गुंडाळून प्रत्येकावर पेनाने तारीख घालतात.