स्वतःला सांगायची वाक्यं पेलतील अशी हवीत

‘मी सर्वोत्तम आहे’, ‘मी जसा आहे तसा परिपूर्ण आहे’, ‘मला कुणाची पर्वा नाही’. अशी वाक्यं रोज सकाळी आरशासमोर म्हणा, असा सल्ला जिथे तिथे मिळतो. पंचाईत अशी की ज्यांना त्यांची सगळ्यांत जास्त गरज असते, नेमकी त्यांनाच ती उलटी पडतात. मानसशास्त्रज्ञ जोअॅन वुड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2009 मध्ये हे तपासलं. लोकांना चार मिनिटं मनातले विचार लिहायला बसवलं. त्यांतल्या काहींनी, दर पंधरा सेकंदांनी घंटा वाजली की ‘ज्याच्यावर प्रेम करावं असा मी माणूस आहे’ हे वाक्य मनात म्हणायचं होतं. ज्यांचं स्वतःबद्दलचं मत आधीच बरं होतं, त्यांना थोडंसं छान वाटलं. ज्यांचं मत वाईट होतं, त्यांना मात्र वाक्य न म्हणणाऱ्यांपेक्षाही वाईट वाटलं.

कारण उघड आहे. न पटणारं वाक्य म्हटलं की मन लगेच उलटतपासणीला उभं राहतं. ‘असं? मग परवा काय झालं होतं?’ आणि परवाची, तेरवाची, शाळेतली सगळी प्रकरणं बाहेर निघतात.

म्हणून वाक्य लहान करायचं, इतकं की मनाला हरकत घेता येऊ नये. ‘मी उत्तम वक्ता आहे’ हे टिकत नाही. ‘मी चांगलं बोलू शकते’ हेही मोघमच. ‘पहिली दोन वाक्यं पाठ असली की माझी सुरुवात अडखळत नाही’ हे टिकतं, कारण त्यात घडून गेलेली गोष्ट आहे आणि पुढच्या वेळी काय करायचं तेही आहे. असं वाक्य लिहिलं की त्याखाली ते खरं ठरल्याचा एक प्रसंग लिहा. प्रसंग आठवत नसेल तर वाक्य अजून मोठं आहे, आणखी छाटा. आणि ‘नेहमी’, ‘कधीच’, ‘सगळे’ हे शब्द दिसले की काट मारा. पहिल्याच अपवादाला ते वाक्य कोसळतं.

हे झालं सांगण्याबद्दल. पण आत्मविश्वास मुळात सांगून फार येत नाही. मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बँडुरा यांनी 1977 मध्ये त्याचे चार स्रोत मांडले: स्वतः करून पाहिलेलं काम, आपल्यासारख्या कुणाला ते जमताना पाहणं, इतरांनी दिलेला धीर, आणि शरीराच्या खुणांचा आपण लावलेला अर्थ. यात पहिला सगळ्यांत भक्कम. ‘तुला जमेल रे’ हा धीर त्यामानाने कच्चा. पहिल्या फजितीत विरतो. आपण मात्र सगळा वेळ तोच गोळा करत फिरतो.

करून पाहायचं तर पायरी नीट निवडावी लागते. धास्ती वाटणाऱ्या गोष्टींची यादी करून प्रत्येकीला 0 ते 100 गुण द्या. बैठकीत एक प्रश्न विचारणं 35, न पटलेलं मत तिथल्या तिथे सांगणं 60, सगळ्यांसमोर वीस मिनिटं बोलणं 85, असं काहीतरी. सुरुवात तिशी-चाळिशीतून करा. विसाच्या खालचं जमलं तरी मन त्याची नोंद घेत नाही, आणि थेट 85 वर उडी मारून आपटलं की महिनाभर पुन्हा नाव काढायचं नाही असं होतं. एक पायरी एकदा करून सोडू नका. तिचा आकडा निम्म्यावर येईपर्यंत तीच करा.

इथे दोन ठिकाणी घात होतो. पहिलं म्हणजे कुबड्या: कागदातून डोकं वर न काढणं, भराभर बोलून मोकळं होणं, शेजारी ओळखीचं माणूस बसवून घेणं. काम पार पडतं, पण श्रेय कुबडीला जातं. पुढच्या वेळी एक कुबडी मुद्दाम घरी ठेवायची. दुसरं म्हणजे ‘सोपंच होतं’, ‘नशीब चांगलं होतं’ म्हणत यश झटकून टाकणं. पॉलिन क्लान्स आणि सुझॅन आइम्स यांनी 1978 मध्ये कर्तबगार स्त्रियांमधली ही सवय नोंदवली: पदव्या, मान सगळं हातात, तरी ‘आपलं पितळ कधीतरी उघडं पडणार’ ही भीती. यावर उतारा कागदाचाच आहे. काम करण्याआधी एक ओळ लिहा, ‘मला वाटतं असं असं होईल’. काम झाल्यावर त्याच दिवशी खाली दोन ओळी: खरंच काय झालं, आणि त्यात मी काय केलं. दुसऱ्या दिवसावर ढकललं की आठवण भीतीच्या बाजूने साक्ष देऊ लागते.

छाती धडधडते त्याचं काय? ती दाबायला जाऊ नका. अॅलिसन वुड ब्रूक्स यांच्या 2014 च्या प्रयोगांत, भाषणाआधी ‘मी शांत आहे’ म्हणणाऱ्यांपेक्षा ‘मी उत्सुक आहे’ म्हणणाऱ्यांचं भाषण सरस ठरलं. धडधड भीतीतही असते आणि उत्सुकतेतही, त्यामुळे हे वाक्य शरीराला खोटं वाटत नाही.

स्वतःची किंमत हा मात्र वेगळा मामला. एखादं काम झकास जमतं आणि तरीही माणूस आतून स्वतःला कवडीमोल समजतो, असं सर्रास दिसतं. जेनिफर क्रॉकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2003 मध्ये अशा सात जागा मांडल्या जिथे लोक आपली किंमत टांगून ठेवतात: अभ्यासातलं यश, रूप, इतरांची पसंती, इतरांवर मात, कुटुंबाचा आधार, देवाचं प्रेम आणि नीतीनं वागणं. आपली कुठे टांगलेली आहे हे ओळखायला एक खूण पुरते: गेल्या महिन्यात कशामुळे दिवसभर काळवंडून गेल्यासारखं झालं? कुणी मेसेजला उत्तर दिलं नाही म्हणून, की आपण खोटं बोललो म्हणून? पहिल्या प्रकारची खुंटी दुसऱ्याच्या हातात असते.

मानसशास्त्रज्ञ क्लॉड स्टील यांनी 1988 मध्ये मांडलेल्या विचारावर आधारलेला एक लेखनाचा सराव इथे उपयोगी पडतो. आपल्याला मोलाची वाटणारी एक गोष्ट निवडा: मैत्री, प्रामाणिकपणा, शिकणं, काहीही. दहा-पंधरा मिनिटं ती का मोलाची आहे आणि नुकतीच कधी तशी वागणूक घडली ते लिहा. आपल्या गुणांची जंत्री लिहायची नाही, तिथेच बहुतेकांचं चुकतं. आणि हे अवघड प्रसंगाच्या आधी लिहायचं. मन एकदा तटबंदी करून बसलं की फारसा उपयोग होत नाही.

आता स्वतःसारखं वागणं, तेही ‘सॉरी’ न म्हणता. कुणाला दुखावलं तर माफी मागायचीच. ‘मी असाच आहे’ हा उर्मटपणाचा परवाना नव्हे. प्रश्न आहे तो काही चुकलेलं नसताना, नुसती जागा व्यापल्याबद्दल मागितलेल्या माफीचा. हा मेसेज बघा: ‘सॉरी, त्रास देतेय, कदाचित माझंच चुकत असेल, पण तो तक्ता जरा बघाल का, वेळ असेल तरच.’ यात काम एका ओळीचं आहे. तेच असं लिहा: ‘तिसऱ्या तक्त्यातली बेरीज जुळत नाहीये. दुपारी चारपर्यंत बघून सांगाल का? त्यानंतर मला पुढे पाठवायचंय.’ नम्रता कुठेही कमी झालेली नाही. पाठवण्याआधी ‘सॉरी’, ‘फक्त’, ‘जरा’, ‘कदाचित’ शोधा आणि एकेक काढून वाचा; अर्थ बदलला तरच परत ठेवा.

नकाराचं गणितही तसंच. भीड ही भिकेची बहीण, हे ठाऊक असूनही आपण नकाराला तीन कारणं जोडतो. तब्येत बरी नाही, काम आहे, शिवाय लांबही पडतं. समोरचा एकेक कारण निकालात काढतो: गाडी पाठवतो, काम उद्या कर. मग जावं लागतं. ‘बोलावलंस ते बरं वाटलं, पण मी येणार नाही’ एवढंच बोला. आग्रह झाला तर तेच वाक्य पुन्हा, नवं कारण न देता. त्यानंतर दोन-चार सेकंद शांतता पसरते आणि ती भरायला तोंडून ‘बरं, बघतो’ निसटतं. ती शांतता पेलत नसेल तर आधीच ‘उद्या सकाळी कळवतो’ म्हणा, आणि सकाळी आठवण यायच्या आत स्वतःहून ‘नाही’ कळवा.