३०९ क्रमांकाची गाडी

१२ सप्टेंबर, रात्री

आज अमेरिकन गायक जॉनी कॅशची पुण्यतिथी. २००३ साली याच दिवशी, नॅशव्हिलमध्ये, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी तो गेला. या तारखेला मी त्याचा एकच अल्बम ऐकतो: ‘अमेरिकन फाइव्ह : अ हंड्रेड हायवेज’, जो त्याच्या मृत्यूनंतर जवळजवळ तीन वर्षांनी, ४ जुलै २००६ रोजी प्रसिद्ध झाला. आज तो सलग दोनदा ऐकला आणि दुसऱ्या वेळी वाद्ये बाजूला ठेवून केवळ त्याच्या श्वासांकडे लक्ष दिले.

२००३ च्याच १५ मे रोजी त्याची पत्नी, गायिका जून कार्टर गेली. पस्तीस वर्षांचा संसार आणि त्याहून जुनी गाण्यातली सोबत एकाएकी संपली. मधुमेहाने शरीर पोखरलेले, दृष्टी जवळजवळ गेलेली, चाकांची खुर्ची आलेली. अशा अवस्थेत त्याने निर्माता रिक रुबिन याला सांगितले की मला आता रोज काम हवे. १९९४ पासून त्याचे अल्बम करणाऱ्या रुबिनने मग अशी व्यवस्था केली की ज्या दिवशी, ज्या घटकेला अंगात त्राण असेल तेव्हा ध्वनिमुद्रण करता यावे. हेंडरसनव्हिल येथील त्याच्या लाकडी खोपटात, पुढच्या चार महिन्यांहूनही कमी काळात, तो जमेल तसा गात राहिला.

मला सर्वांत अधिक विचार करायला लावते ती पुढची गोष्ट. अल्बममधली बरीचशी वाद्ये तो गेल्यानंतर वाजवली गेली. आपल्याकडे साथीदार गायकाच्या चेहऱ्याकडे पाहून, त्याच्या हाताच्या हालचालीवरून समेची चाहूल घेतो; येथे माइक कॅम्पबेल, बेनमाँट टेंच आणि इतर वादकांपुढे चेहरा नव्हताच, होता तो फक्त आवाज, मध्येच थकणारा, शब्द किंचित उशिराने उचलणारा. त्यांनी त्या आवाजाला आपल्या गतीत ओढले नाही. तो जेथे थांबतो तेथे गिटारही थांबून राहते, आणि एका गाण्यात तर टाळ्या व पायांच्या ठेक्याखेरीज त्याच्यामागे फारसे काही ठेवलेलेच नाही. धाप पुसून टाकणे तंत्राला कठीण नव्हते. ती राहू दिली, म्हणूनच हा अल्बम मला प्रामाणिक वाटतो.

आजोबांची आठवण झाली. त्यांना दमा होता. एकादशीच्या भजनात अभंगाच्या मध्येच त्यांचा श्वास संपे आणि शेजारचा पखवाजवाला, जणू ते आधीच ठरले असावे अशा सहजतेने, आणखी एक आवर्तन वाजवत राही. कोणी वर पाहत नसे.

कॅशने लिहिलेले अखेरचे गाणे याच अल्बममध्ये आहे, ‘लाइक द ३०९’. १९५५ साली मेम्फिसच्या सन रेकॉर्ड्सने काढलेल्या त्याच्या पहिल्या तबकडीच्या एका बाजूला आगगाडीचेच गाणे होते: दक्षिणेकडे घरी निघालेला अधीर प्रवासी त्यात रेल्वेच्या हमालाला टेनेसी किती दूर आहे असे पुन्हापुन्हा विचारतो. अठ्ठेचाळीस वर्षांनी त्याने पुन्हा आगगाडीच लिहिली, परंतु आता तिच्यात चढवायची आहे ती त्याची शवपेटी, आणि दमाही गाडीसारखाच अंगावर धडधडत येतो आहे. गाण्यात रड मात्र नाही. उलट म्हाताऱ्या माणसाचा थोडा खट्याळपणा आहे, आणि दम्याचा उल्लेख येतो तेथे खरी धाप ऐकू येते.

हा अल्बम अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेला, १९६९ च्या, सॅन क्वेंटिन तुरुंगात कैद्यांपुढे गायलेल्या अल्बमनंतर प्रथमच. तो हे पाहायला नव्हता, याची चुटपुट मला दर वर्षी लागते.

मृत कलावंताचे अपुरे काम दुसऱ्यांनी पूर्ण करावे का, या प्रश्नाचे एकच उत्तर मला देता येत नाही. २०१४ मध्ये त्याच्या मुलाने, जॉन कार्टर कॅशने, १९८० च्या दशकात मुद्रित होऊन पडून राहिलेली गाणी बाहेर काढली. २०२४ मध्ये १९९३ च्या कच्च्या मुद्रणांतला आवाज घेऊन त्याभोवती नवी वाद्ये रचली. दोन्ही मी प्रेमाने ऐकले, पण ऐकताना मन पुरते स्थिर नव्हते, कारण ती गाणी तो जिवंतपणी मागे टाकून पुढे गेला होता. २००६ चा अल्बम वेगळा आहे. यातला प्रत्येक शब्द त्याने, वेळ थोडा आहे हे जाणून, कोणीतरी ऐकावा म्हणूनच गायलेला आहे.

त्याच बैठकींतून निघालेला, ‘अमेरिकन’ मालिकेतला सहावा अल्बम २०१० च्या फेब्रुवारीत आला. त्याचे शेवटचे गाणे निरोपाचे आहे, हवाईची राणी लिलिउओकलानी हिने रचलेले. ते आज लावले नाही. २६ फेब्रुवारीला, त्याच्या जन्मदिवशी, ऐकेन.