पुनर्मूल्यांकन रखडलं आणि ‘प्रक्रिया सुरू आहे’ एवढंच उत्तर मिळालं

पेपर पुन्हा तपासून घेण्यासाठी उत्तरपत्रिकेची फोटोकॉपी मागवणं, शुल्क भरणं, अर्ज भरणं यात काही अडत नाही. अडतं ते विद्यापीठाच्या परीक्षा भवनाच्या खिडकीवर. ‘प्रक्रिया सुरू आहे, पोर्टल बघत राहा.’ या वाक्याचा मला अजून संताप येतो, कारण ते कधीच कागदावर येत नाही. हायकोर्टात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली परमादेश (कर्तव्य पार पाडा, असा कोर्टाचा हुकूम) मागायचा, तर आधी लेखी मागणी केली होती आणि ती नाकारली किंवा तिच्यावर मौन पाळलं, हे दाखवावं लागतं. खिडकीवरच्या शंभर खेपांना तिथे किंमत नाही.

म्हणून परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे एक पानी निवेदन द्या. त्यात आसन क्रमांक, विषय, अर्जाची तारीख, पावती क्रमांक आणि पुढे काय अडतंय (प्रवेश, नोकरी, शिष्यवृत्ती) एवढं पुरे. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का घ्या. ‘ठेवून जा’ म्हणाले तर न वाद घालता नोंदणीसह स्पीड पोस्टाने, पोचपावतीसह पाठवा. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 मधली 30 ते 45 दिवसांची मुदत बरेच जण इथे ठोकून देतात. ती मूळ निकालाची आहे. पुनर्मूल्यांकनासाठी त्या विद्यापीठाच्या अध्यादेशातली किंवा परिपत्रकातली मुदतच दाखवा.

सोबत माहिती अधिकाराचा अर्ज, 10 रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून. ‘उशीर का झाला?’ विचारलंत की अर्ज वाया गेला. कारणं सांगायला जन माहिती अधिकारी (अशा अर्जांना उत्तर देणारा अधिकारी) बांधील नाही. नोंदी मागा: उत्तरपत्रिका परीक्षकाकडे कधी गेली, गुण कधी परत आले, फाईल आज कोणत्या टेबलावर आहे. राज्याच्या नियमानुसार एक विषय, 150 शब्द. 30 दिवसांत उत्तर नाही, तर पुढच्या 30 दिवसांत प्रथम अपील. फोटोकॉपीच अडवली असेल तर सर्वोच्च न्यायालयाचा 2011 चा आदित्य बंदोपाध्याय निकाल जोडा: स्वतःची उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क त्यात मान्य झालाय.

यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) 2023 च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने 15 कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. नंतर 15 दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालाकडे (विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या) अपील. तिथे विलंबाची तक्रार करा. गुण वाढवून मागितलेत तर ठोस अनियमितता दाखवल्याशिवाय दखल घेतली जात नाही. ग्राहक आयोगाकडे जाऊच नका: परीक्षा घेणं ही ‘सेवा’ नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्येच म्हटलंय.

हो, एक राहिलंच. पुनर्परीक्षेच्या फॉर्मची तारीख जवळ आली असेल तर ‘पुनर्मूल्यांकनाच्या निकालाच्या अधीन राहून’ असं पत्र देऊन तो भरून टाका.

शेवटी हायकोर्टात जावं लागलंच, तर याचिकेतही पेपर पुन्हा तपासा असं कोर्टाला सांगू नका. ठरावीक तारखेच्या आत निकाल लावा, एवढीच मागणी ठेवा. वकिलाची फी परवडत नसेल तर मोफत वकिलासाठी हायकोर्ट विधी सेवा समितीकडे अर्ज करा. मुलींना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या विद्यार्थ्यांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.